मदत हवी आहे: गणपतीतलं 'पडद्यावरची आई' प्रदर्शन, भगवंती ते अरुंधती मधली जागा रिकामी

नमस्कार मंडळी,

आमची गिरगावातली चाळ. यंदा गणपतीत मखराशेजारच्या भिंतीवर तोच तो किल्ला नको, असं बायकांनी बजावलं आणि 'पडद्यावरची आई' असं चित्रांचं प्रदर्शन ठरलं. बारा तक्ते. मजकूर माझ्या गळ्यात, कारण सिनेमाची आवड आहे असं एकदा बोलून गेले होते.

नऊ झाले. पहिला दुर्गाबाई कामतांचा. फाळक्यांना 'राजा हरिश्चंद्र'साठी (१९१३) बाई मिळेना, म्हणून तारामती झाले अण्णा साळुंके. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई पार्वती आणि त्यांची लेक कमला मोहिनी. म्हणजे आपल्या सिनेमात पहिल्यांदा उभ्या राहिलेल्या बायका मायलेकीच! (हरिश्चंद्र लागला ते कोरोनेशन थिएटर गिरगावातलंच, त्यामुळे चाळीतली जुनी मंडळी या तक्त्यावर खूश.)

भांडण झालं चौथ्यावर. तिथे मी फक्त जन्मसालं लिहिली. 'जॉनी मेरा नाम' (१९७०): आई सुलोचनादीदी १९२८, मुलगे प्राण १९२० आणि देव आनंद १९२३. 'मदर इंडिया' (१९५७): नर्गिस आणि तिचा मुलगा झालेला सुनील दत्त दोघंही जून १९२९चे, पाच दिवसांचा फरक. पुढच्याच वर्षी दोघांचं लग्न. आणि माझं लाडकं उदाहरण, 'कभी कभी' (१९७६). त्यात राखी अमिताभची प्रेयसी, वहिदा बायको. 'त्रिशूल'मध्ये (१९७८) वहिदा त्याची आई झाली, 'शक्ती'त (१९८२) राखीही. तो आपला नायकच!

मंडळाचे काका म्हणाले, "देवासमोर सुलोचनादीदींचं वय काढतेस?" म्हटलं, काका, वय देव आनंदचं काढतेय. तक्ता राहिला एकदाचा.

आता अडलंय टीव्हीपाशी. 'हम लोग'ची (१९८४) भगवंती घेतली, 'आई कुठे काय करते!'ची (२०१९) अरुंधती घेतली. मधली पस्तीस वर्षं कोरी. सुनेला छळणारी नको, देवघरात डोळे पुसणारी तर अजिबात नको. जरा हसणारी, चारचौघींसारखी आई सुचवा. मराठी मालिकेतली असेल तर सोन्याहून पिवळं.

दुसरा प्रश्न. 'उंबरठा' (१९८२) घ्यावा का? स्मिता पाटीलची सुलभा लहान मुलीला घरी ठेवून महिलाश्रमाच्या नोकरीवर जाते. सासूबाईंचं म्हणणं, आयांच्या भिंतीवर ही कशाला? माझी आई नर्स होती. महिन्यातले किती दिवस रात्रपाळी, आम्ही शेजारच्या काकूंकडे झोपायचो. त्यामुळे मला सुलभा हवी आहे, पण सासूबाईंना सांगायला दोन धड वाक्यं सुचत नाहीयेत.

शनिवारी छपाईला द्यायचंय. पटापट सुचवा.

---

कोपऱ्यातली खुर्ची: अहो, 'वागळे की दुनिया' (१९८८) कशी विसरलात! भारती आचरेकरांची राधिका. महिनाअखेरीची ओढाताण, नवऱ्याचे घोळ, आणि तरी घरात हसू. शिवाय ती मालिका दुर्गा खोटेंच्या निर्मितीसंस्थेची. 'अयोध्येचा राजा'तली (१९३२) तारामती त्यांचीच. साळुंक्यांची तारामती पहिल्या तक्त्यावर आहेच तुमच्या, तिथून दोरा जुळतो बघा.

उगाच जागा: उंबरठा घ्याच. सासूबाईंना म्हणावं, त्यात आया दोन आहेत. मुलीला सांभाळते ती जाऊ, जिला स्वतःचं मूल नाही. तक्त्यावर दोघींची चित्रं शेजारी शेजारी लावा.

धागाकर्ती: खुर्ची, तुम्हाला पहिल्या दिवशीचा मोदक! राधिका पक्की. तारामतीचं माझ्या डोक्यातच आलं नव्हतं, पहिल्या तक्त्यावर एक ओळ वाढवते.

उगाच जागा, जावेचं वाचून दाखवलं. सासूबाई बराच वेळ गप्प होत्या, मग म्हणाल्या, "त्या काकूंचाही फोटो लाव मग, तुम्हाला झोपवायच्या त्यांचा." काकू कधी पडद्यावर आल्या नाहीत, नियमात बसत नाहीत. पण बारावा तक्ता अजून रिकामा आहे, आणि त्यांचा एक फोटो आहे माझ्याकडे, आमच्या मुंजीतला. काय करू?