काकांची ८ मिमीची रिळं: स्कॅन कशी करावीत? (बजेट १५ हजार)

पडवीतला: वेंगुर्ल्याच्या घरी पोटमाळ्यावर बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात काकांची सहा रिळं मिळाली. उजेडात धरली तर बंदरातली बोट, झापांचा मांडव आणि नऊवारीतली एक बाई. तिला ओळखते ती फक्त आत्या, वय ८४, आणि तीही दर वेळी वेगळं नाव सांगते. आत्याच्या आवाजावर ही दृश्यं लावून छोटा प्रयोग करायचाय. बुरशीचे डाग आहेत, एका रिळाला आंबूस वास येतो.

काजूगर: सरळ स्कॅनर घ्या. माझा चाळीस हजारांचा, एकेक फ्रेम टिपतो. अजून पश्चात्ताप नाही.

लाल_माती: त्यांनी १५ म्हटलंय! आधी फिल्मच्या कडेची भोकं बघा. लहान आणि फ्रेमच्या मध्यावर असतील तर सुपर ८, म्हणजे १९६५ नंतरचं. मोठी आणि दोन फ्रेमच्या सांध्यावर असतील तर साधं ८.

हापूसवाला: आमच्या लग्नाची व्हीएचएस एकाने बुरशीसकट चालवली, टेप तुटली, वर हजार रुपये घेतले. विश्वास कोणावर ठेवायचा?

खाडीकाठ: आंबूस वास म्हणजे अ‍ॅसिटेट, फिल्मचं प्लास्टिक, कुजतंय. ते रीळ वेगळं ठेवा, वाफ बाकीच्यांनाही लागते. आकसलेली फिल्म प्रोजेक्टरवर चढवू नका, दात्यांनी भोकं फाटतात. डाग पाण्याने पुसू नका. बुरशी चित्र धरून ठेवणारं जिलेटिन खाते, मग पाण्याने चित्राचा थरच सुटून येतो.

काजूगर: मी ओल्या फडक्याने पुसलं, काही झालं नाही.

खाडीकाठ: तुमची बुरशी वरवरची असेल. त्यांनी करू नये.

माजघर: मी भिंतीवर पाडून मोबाइलने टिपलं. लुकलुक फार. प्रोजेक्टरचा वेग सेकंदाला १६.६७ फ्रेमवर आणा. उजेड अडवणाऱ्या शटरला तीन पाती असतील तर सेकंदाला उजेडाचे ५० झपके होतात, २५ फ्रेमच्या चित्रीकरणाशी जुळतात. डाग संगणकावर काढा.

लाल_माती: भोकं बघितलीत का?

पडवीतला: बघितली, सुपर ८. वासाचं रीळ वेगळं केलं. पाच रिळं स्कॅनला देतोय, पण डाग काढणार नाही. त्या बाईचा चेहरा बुरशीने खाल्लाय, नेमकी तिथेच आत्या नाव बदलते. आणि खाडीकाठ, माफ करा, त्या पाचांतलं एक चांगलं रीळ प्रोजेक्टरवर चढवणारच. ५० फूट, जेमतेम सव्वातीन मिनिटं. मोबाइलवर फोटो दाखवले की आत्या गप्प बसते. काल काकांचा प्रोजेक्टर नुसता रिकामा फिरवला, तर घरघर ऐकून माजघरातून उठून आली आणि बोटीचं तिकीट सांगू लागली. चतुर्थीसाठी पडवीच्या भिंतीला चुना लागलाय, पडदा वेगळा नको.