जॅकेटच्या पी अँड आयडीवर पाणी आत एफओ, बाहेर एफसी: चूक की मुद्दाम?

शिकाऊ_वेर्णा
मंडळी, औषध कारखान्यात प्रॉडक्शनला नवीन आहे. ३००० लिटरच्या रिअॅक्टरची पी अँड आयडी (पाईप आणि उपकरणांचं ड्रॉइंग) वाचतोय. एकाच जॅकेटला (रिअॅक्टरभोवतीचं आवरण) वाफ, कूलिंग वॉटर आणि ब्राइन (थंड केलेलं मिठाचं पाणी) आहे. टीटी-१०१, टीआयसी-१०१, टीवाय-१०१ए आणि बी, तिथून टीव्ही-१०१ए (वाफ, एफसी) आणि टीव्ही-१०१बी (कूलिंग वॉटर, एफओ) इथपर्यंत माग लागला. पण पाणी परत जाणाऱ्या लाइनवरचा चालू-बंद व्हॉल्व एक्सव्ही-१०४ एफसी आहे. कंडेन्सेटचा (वाफेचं झालेलं पाणी) एक्सव्ही-१०३ सुद्धा एफसी. एफसी म्हणजे एरवी बंद ठेवायचा, असंच ना? आणि टीटीचं वर्तुळ रिकामं, टीआयसीचं चौकोनात, ते का?

लूपवाला
नाही. इथेच बहुतेकांची गल्लत होते. एरवी बंद म्हणजे एनसी. ते चालू प्लांटमधली नेहमीची स्थिती सांगतं आणि बहुधा हाताच्या व्हॉल्ववर लिहिलेलं असतं. एफसी म्हणजे व्हॉल्व चालवणारी हवा किंवा सिग्नल गेला की व्हॉल्व आपण होऊन बंद होणार, एफओ म्हणजे आपण होऊन उघडणार. बॅच चालू असताना एफसी व्हॉल्व तासन्‌तास उघडा असू शकतो.

रिकामं वर्तुळ म्हणजे उपकरण जागेवर, फील्डमध्ये. मधून सरळ रेघ असेल तर कंट्रोल रूमच्या पॅनेलवर, तुटक रेघ असेल तर पॅनेलच्या मागे. चौकोनातलं वर्तुळ म्हणजे डीसीएसच्या (प्लांट चालवणारी संगणक यंत्रणा) स्क्रीनवर दिसणारं. सगळ्यांचा आकडा १०१, कारण लूप एक. पहिलं अक्षर काय मोजतोय ते (टी म्हणजे तापमान), पुढची अक्षरं काय करतोय ते: टी ट्रान्समीटर, आय दाखवणं, सी कंट्रोल, वाय सिग्नल बदलणं, व्ही व्हॉल्व. म्हणून टीटीमधल्या दोन टींचा अर्थ वेगळा.

तुझे दोन टीवाय म्हणजे ४-२० मिलिअँपियरचं ०.२ ते १.० किलो दाबाच्या हवेत रूपांतर करणारे आय-टू-पी. ड्रॉइंगवर बघ, टीवायपर्यंत तुटक रेघ (विजेचा सिग्नल) आणि पुढे दोन-दोन तिरके काप मारलेली रेघ (हवा) असेल. हे स्प्लिट रेंज दिसतंय. म्हणजे ४ ते १२ मिलिअँपियरमध्ये पाण्याचा व्हॉल्व पूर्ण उघड्यापासून बंद होत जातो, १२ ते २० मध्ये वाफेचा उघडत जातो. सिग्नल तुटला तर वाफ बंद, पाणी चालू. आतल्या बाजूचं एफसी-एफओ बरोबर जुळतंय.

पाईपरॅक
आतल्या बाजूचं जुळतं, पण पाणी जाणार कुठे? फेल पोझिशन एकेका व्हॉल्वची वाचायची नसते, पुरवठ्यापासून परतीपर्यंत अख्ख्या वाटेची वाचायची. हवा गेली की टीव्ही-१०१बी उघडेल, एक्सव्ही-१०४ बंद होईल, जॅकेट भरून पाणी उभं राहील. थंडावा शून्य. त्यात पुरवठ्यावर चेक व्हॉल्व (पाणी मागे जाऊ न देणारा) असेल तर कोंडलेलं पाणी गरम होऊन फुगतं. जॅकेटवरचा पीएसव्ही (दाब वाढला की सुटणारा सेफ्टी व्हॉल्व) त्यासाठीही लागतो. त्याच्याखाली आयसोलेशन व्हॉल्व दाखवला असेल तर तो एलओ, म्हणजे उघडा ठेवून कुलूप लावलेला आहे का तेही बघून घे.

एक्सव्ही-१०३ एफसी आहे ते मात्र योग्य. तो उघडा राहिला तर कूलिंग वॉटर स्टीम ट्रॅपमधून (वाफ अडवून कंडेन्सेट सोडणारा) कंडेन्सेट लाइनला आणि तिथून बॉयलरच्या फीड टाकीत. हार्डनेस वाढला की बॉयलरवाला तुम्हालाच शोधत येणार.

कुंडई_मेंटेनन्स
कागदावरच्या एफसीवर भिस्त ठेवू नका. जागेवर अॅक्ट्युएटर (व्हॉल्व फिरवणारा भाग) बघा. स्प्रिंग रिटर्न असेल तरच एफसी किंवा एफओ खरं. डबल अॅक्टिंग सिलिंडर असेल (दोन्ही पोर्टना हवेच्या नळ्या) तर हवा गेल्यावर तो जिथे आहे तिथेच राहतो, ड्रॉइंगवर काहीही असो. बदली करताना स्टोअरमध्ये होता तो चढवला, असं होतंच.

तपासणी सोपी आहे. रिअॅक्टर आणि जॅकेट रिकामं, परमिट घेतलेलं. एकदा फिल्टर रेग्युलेटरपाशी हवा तोडून नळीतली हवा सोडायची. नुसता कॉक बंद केला तर अडकलेली हवा व्हॉल्व धरून ठेवते. हवा परत दिली की वेगळ्याने सोलेनॉइडचा (व्हॉल्वची हवा विजेवर सोडणारा-तोडणारा) फ्यूज काढायचा. दोन्ही वेळा व्हॉल्व एकाच बाजूला गेला पाहिजे. आपल्याकडे पावसात दोन कारणांनी अडतं: ड्रायर नीट चालत नसेल तर ओल्या हवेने सोलेनॉइडमधला सरकणारा दांडा (स्पूल) चिकटतो, किंवा सोलेनॉइडच्या एक्झॉस्टमध्ये कुंभारीण मातीचं घर करते आणि हवा बाहेरच पडत नाही. तिथे जाळीची टोपी बसवा. चवथीच्या शटडाऊनमध्ये हे सगळे व्हॉल्व एकदा फिरवून घेतलेले बरे.

शिकाऊ_वेर्णा
बघितलं. एक्सव्ही-१०४ स्प्रिंग रिटर्न, खरोखरच एफसी. रिअॅक्शन एक्झोथर्मिक (उष्णता सोडणारी) आहे. मग चूकच म्हणायची?

प्रोसेसवाला_मडगाव
घाई नको. ब्राइन चालू असताना हवा गेली आणि १०४ एफओ असेल तर ब्राइन थेट कूलिंग टॉवरला जाईल. ते टाळायला कुणीतरी मुद्दाम एफसी ठेवला असण्याची शक्यता आहे. पण मग टीव्ही-१०१बी एफओ ठेवण्याला अर्थ उरत नाही. अर्धा विचार झालाय. एक्झोथर्मिक असेल तर ब्राइन वाया गेलं तरी चालेल, पण बॅच हातची जाता कामा नये. हॅझॉपच्या (धोक्यांच्या अभ्यासाच्या) शीटमध्ये "हवा गेली" आणि "कूलिंग गेलं" या ओळींसमोर काय लिहिलंय ते आणि कॉज-इफेक्ट चार्ट (काय झालं की कोणता व्हॉल्व काय करणार याचा तक्ता), दोन्ही काढून घे.

आणखी एक. लाइनच्या टोकाला बाणाच्या खोक्यात दुसऱ्या ड्रॉइंगचा नंबर असेल, त्या युटिलिटी शीटवर जा. नुसती हवा गेली तर पंप चालूच राहतो. पण लाईट गेली की कॉम्प्रेसर आणि कूलिंग वॉटरचा पंप दोन्ही थांबतात. पंप डीजीवर (डिझेल जनरेटरवर) नसेल तर दोन्ही व्हॉल्व एफओ करूनही पाणी वाहणार नाही.

कुंडई_मेंटेनन्स
ठरलंच तर बदल अवघड नाही. बॉल व्हॉल्वचा अॅक्ट्युएटर ९० अंशांत फिरवून बसवला की एफसीचा एफओ होतो. पण लिमिट स्विचचा (व्हॉल्व उघडा की बंद ते कळवणारा) फीडबॅक आणि पीएलसीचं (कंट्रोल करणारा संगणक) लॉजिकही उलटावं लागतं, नाहीतर स्क्रीनवर बंद आणि जागेवर उघडा. चेंज कंट्रोल (बदलाच्या मंजुरीचा फॉर्म) भरल्याशिवाय पाना लावू नका, आणि मास्टर कॉपीवर बदललेल्या जागेभोवती रिव्हिजनचा ढग काढून घ्या. कंट्रोल रूमच्या भिंतीवर लॅमिनेट करून लावलेली प्रत बहुधा दोन रिव्हिजन जुनी असते.