बेबी नंदा ते नंदा

हिंदी चित्रपटांतील अभिनेत्री नंदा यांच्याविषयी लिहिताना त्यांच्या सोशिक बहिणीच्या भूमिकांवरच भर दिला जातो. मला मात्र त्याआधीच्या 'बेबी नंदा'कडे, म्हणजे बालकलाकार नंदाकडे, लक्ष वेधावेसे वाटते. १९३९ साली जन्मलेल्या या मुलीला वडील, अभिनेते-दिग्दर्शक मास्टर विनायक यांनी 'मंदिर' चित्रपटात मुलाची भूमिका दिली, तेव्हा केस कापून घ्यायला ती मुळीच तयार नव्हती आणि अखेर आईने तिची समजूत घातली. १९४७ मध्ये विनायकरावांचे निधन झाले, घराची घडी विस्कटली आणि ज्या वयात हाती पाटी-पेन्सिल असायची, त्या वयात मिळवतेपणाचा भार तिच्यावर येऊन पडला. पुढे शांतारामबापूंच्या (व्ही. शांताराम) 'तूफान और दिया'ने (१९५६) त्यांना ओळख दिली, तर १९५९ च्या 'छोटी बहन'ने घरोघरी पोहोचवले. त्याच प्रतिमेने त्यांना बराच काळ बांधून ठेवले, हे मान्यच आहे. तरीही शशी कपूर नवखे असताना नामवंत नायिका म्हणून त्यांच्याबरोबर चित्रपट स्वीकारण्याचे धाडस नंदा यांनीच दाखवले. 'इत्तेफाक' (१९६९) पाहिलेल्या कोणालाही त्यांना केवळ 'सोशिक' म्हणवणार नाही, असे मला मनापासून वाटते.