चित्रकलेतून दिग्दर्शनाकडे: येऑन सांग-हो यांची वाट पणजीतून कशी धरायची?

मांडवीकाठ:
अप्लाइड आर्टची पदवी यंदा पुरी होतेय. दक्षिण कोरियाचे दिग्दर्शक येऑन सांग-हो पाश्चात्त्य चित्रकला शिकून सिनेमाकडे गेले. मधला टप्पा त्यांनी कसा ओलांडला? आणि इथे ३ मिनिटांची पहिली फिल्म करायची तर हात कुठून घालायचा?

फोंडेकर:
मधला टप्पा म्हणजे अ‍ॅनिमेशन. त्यांची अ‍ॅनिमेशन फिल्म 'द किंग ऑफ पिग्ज' २०११ची, पुढच्या वर्षी फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवात 'डायरेक्टर्स फोर्टनाइट' विभागात दाखवली गेली. खरे नट घेऊन केलेली 'ट्रेन टू बुसान' आली ती २०१६ला. अ‍ॅनिमेशनमध्ये प्रत्येक सेकंद कमवावा लागतो, त्यामुळे शॉट किती टिकतो हे हाताला कळतं. पोस्टर करणाऱ्याची अडचण नेमकी इथेच: तो एका चौकटीत सगळं सांगून टाकतो, मग कट करायला काही उरत नाही.

म्हणून स्टोरीबोर्डवर (शॉटच्या कागदी चित्रांवर) थांबू नका, अ‍ॅनिमॅटिक करा, म्हणजे तीच चित्रं वेळ आणि आवाज लावून फिल्मसारखी चालवा. ४०-५० चौकटी पेन्सिलीने काढा, त्यांचे फोटो एडिटिंग अ‍ॅपच्या टाइमलाइनवर लावा, संवाद स्वतः वाचून टाका. समजा, बाल्कांवात (गोव्याच्या घरापुढच्या बसायच्या ओट्यावर) म्हातारी बसलीय, पोस्टमन पाकीट देतो. पाकीट २ सेकंद दाखवलं तर ते नुसतं पाकीट. ५ सेकंद ठेवलं की आत काय असेल याची धास्ती सुरू होते. हा फरक कागदावर दिसत नाही.

कॅमेऱ्यामागे:
सेकंदाला २४ फ्रेम घेताना शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेम उजेड घेते तो वेळ, १/४८ सेकंद नको, १/५० ठेवा. आपली वीज ५० हर्ट्झची, ट्यूबलाइट आणि स्वस्त एलईडी सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात. १/५०मध्ये बरोबर दोन लुकलुकी बसतात, नाहीतर चित्रावर पट्टे सरकतात. बाहेर उजेड जास्त झाला तर शटर आणखी वेगवान करू नका, हालचाल तुटक दिसते. लेन्सवर एनडी फिल्टर (उजेड कमी करणारी काळसर काच) लावा.

पावसाळ्यात कौलारू घरात संवाद घेऊ नका. प्रत्येक टेकला पावसाचा जोर वेगळा, कट केला की आवाज उडी मारतो. उघडीप बघून संवाद घ्या, पाऊस वेगळा ३ मिनिटं सलग रेकॉर्ड करून खाली अंथरा.

पडद्याआड:
चित्रकाराचं खरं घोडं अडतं ते नटांपाशी. गोव्यात नाटकातले नट भरपूर, पण आवाज शेवटच्या रांगेपर्यंत फेकायची सवय. माइक अर्ध्या मीटरवर आणा आणि समोरच्या माणसालाच ऐकू जाईल इतकंच बोलायला सांगा. 'दुःखी व्हा' असं सांगू नका, लगेच अभिनय सुरू होतो. 'पाकीट उघडू नका, अंगठ्याने कड चाचपा' असं सांगा. चौकटही तोपर्यंत बांधू नका. आधी दोन तालमी मोकळ्या जागेत बघा, माणूस कुठे वळतो ते कळलं की मग कॅमेरा ठेवा.