मदत हवी आहे: काम्यूची ‘द स्ट्रेंजर’ आत्ता वाचू का?

नमस्कार मंडळी. मी सांगलीची, विश्रामबागला राहते. भाचीनं अल्बेर काम्यूची ‘द स्ट्रेंजर’ आणून दिलीय. मूळ फ्रेंच १९४२ची, छोटीशीच आहे.

अडचण अशी की गोष्ट सुरूच होते आई गेल्याच्या बातमीनं, आणि माझी आई जाऊन चारच महिने झालेत. नायक रात्रभर शवपेटीपाशी बसतो, दूध घातलेली कॉफी पितो, सिगारेट ओढतो, पण रडत नाही. पुढं त्याच्यावर खुनाचा खटला चालतो, तेव्हा कोर्टात हे न रडणंच त्याच्यावर उलटतं. भाचीनं एवढं सांगितलं आणि मी पुस्तक कपाटात ठेवलं.

कारण कृष्णेत अस्थी सोडताना मलाही रडू आलं नव्हतं. मडक्यावरचा फडका हातात राहिला होता, तोच पिळत उभी होते. बायका बघत होत्या.

नेमाड्यांच्या ‘कोसला’ कादंबरीतलं मनीचं, नायकाच्या धाकट्या बहिणीचं, मरण मी वाचताना सोसलंय, पण तेव्हा आई होती.

घरातलं माणूस गेल्यावर कुणी ही कादंबरी वाचलीय का? आधार वाटला, की आणखी पोकळ वाटलं? वर्षश्राद्धापर्यंत थांबू का? आणि चांगला मराठी अनुवाद माहीत असेल तर तोही सांगा.