वकिलांविरुद्धच्या तक्रारींचा निवाडा वकिलांनीच करायचा का?

म्हापसेकर
माझं उत्तर: फक्त त्यांनीच, असं नको. अ‍ॅडव्होकेट्स अ‍ॅक्ट, १९६१ नुसार शिस्तपालन समितीत तिघे, आणि तिघेही वकील. त्यातले दोघे बार कौन्सिलचे, म्हणजे वकिलांनीच निवडून दिलेल्या नियामक संस्थेचे सदस्य. ज्यांची मतं घेऊन निवडून यायचं, त्यांच्यावरच कारवाई करायची! पक्षकाराने विश्वास कसा ठेवावा? समजा, पेडण्यातल्या एखाद्या शेतकऱ्याचे जमिनीचे कागद वकिलाने फीसाठी अडवून ठेवले. हे गैरवर्तन आहे असं सर्वोच्च न्यायालयाने २००० सालीच म्हटलंय. तरी त्याची तक्रार जाते मुंबईला, महाराष्ट्र आणि गोवा बार कौन्सिलकडे, आणि ती फेटाळली तर का फेटाळली हे त्याला नीट कळायला हवं.

फोंड्याचा वकील
अजिबात पटलं नाही. खटला हरला की समोरच्या वकिलावर तक्रार ठोकायची, हा त्रास आम्ही सोसतो. सप्टेंबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याच कौन्सिलला एका वकिलावरच्या तक्रारीपायी ५० हजार रुपये द्यायला लावले. तक्रारदार त्या वकिलाचा पक्षकारसुद्धा नव्हता, तरी कारणं न नोंदवता प्रकरण समितीकडे पाठवलं होतं. मग झुकतं माप वकिलाला मिळतं, असं कसं म्हणता? आणि तारीख मागणं कधी रास्त, कधी हलगर्जीपणा, हे कोर्टात उभं न राहिलेल्या माणसाला कळणार नाही.

म्हापसेकर
हा निकाल तर माझ्याच बाजूचा आहे. पुढे पाठवताना कारणं लिहा, फेटाळतानाही तेवढीच सविस्तर लिहा. इंग्लंडमध्ये सॉलिसिटरांच्या, म्हणजे पक्षकारांची कामं थेट घेणाऱ्या तिथल्या वकिलांच्या, शिस्तपालन न्यायाधिकरणात वकील नसलेले सदस्य बसतात. तिथली वकिली त्यामुळे बुडाली नाही.

मडगावची ज्युनियर
तुम्ही दोघे माणसांवर भांडताय, मला वेळ जास्त छळतो. त्याच कायद्याच्या कलम ३६-ब प्रमाणे वर्षभरात निकाल हवा, नाहीतर प्रकरण दिल्लीला बार कौन्सिल ऑफ इंडियाकडे जातं. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला ही मुदत पाळा म्हणून बजावावं लागलं. नुसती तक्रार प्रलंबित आहे एवढं कानावर आलं तरी नवीन वकिलाकडे कोणी वकालतनामा देत नाही. मोठ्या सिनियरला तेवढी झळ लागत नाही. खरा भेदभाव मला इथे दिसतो.

फोंड्याचा वकील
मुदतीचं मान्य. फेटाळताना कारणं लिहावीत, हेही मान्य. बाहेरचा सदस्य मात्र नको. बाहेरच्यांचा दबाव आला, तर सरकारविरुद्ध उभं राहणाऱ्या वकिलाला पहिला फटका बसेल.

म्हापसेकर
मग तो सदस्य सरकारने नेमू नये, उच्च न्यायालयाने नेमावा. यावर तुमचं काय म्हणणं?