अवस्थांतराच्या संज्ञा वर्गात कशा दाखवाव्यात? (खर्चाची मर्यादा ५०० रुपये)

गोदाकाठ: नमस्कार. सातवीच्या माझ्या वर्गाला बाष्पीभवन (द्रवाचा वायू होणे), संघनन (वायूचा द्रव होणे), संप्लवन (घनाचा थेट वायू होणे) या संज्ञा तोंडपाठ आहेत, परंतु साखर पाण्यात ‘वितळते’ असेच बहुतेक मुले लिहितात आणि ‘संघनन’ म्हणजे वायूचा घन होणे, असे ठामपणे सांगतात. प्रत्येक संज्ञेला डोळ्यांदेखत घडणारी क्रिया जोडता येईल असे साहित्य सुचवावे. वर्गात शेगडी नाही.

पारा_चढला: तापमापीवाचून हा विषय शिकवण्यात अर्थ नाही. मी २,८०० रुपयांची अंकीय तापमापी घेतली असून ती अत्यंत अचूक आहे. बर्फ वितळत असताना ढवळत राहिल्यास आकडा ०° सेल्सिअसच्या आसपासच रेंगाळतो आणि सगळा बर्फ संपल्यावरच वर सरकू लागतो, कारण तोवर दिलेली उष्णता अप्रकट उष्मा म्हणून खर्ची पडते.

हौशी_पालक: कोरडा बर्फ (गोठवलेला कार्बन डायऑक्साइड) आणावा. तो −७८.५° सेल्सिअसला थेट वायुरूप होतो. आमच्या विज्ञानमेळाव्यात सर्वांनी तोंडात बोटे घातली होती.

मुळाक्षर: बोटे घालण्यापूर्वी जाड हातमोजे घालावेत, ताई. आमच्याकडे एका उत्साही गृहस्थांनी तो झाकणबंद बाटलीत भरला आणि बाटली फुटली. शिवाय त्याचा पांढरा ‘धूर’ हा कार्बन डायऑक्साइड नसून हवेतील बाष्पाचे संघनन आहे, म्हणजे मुलांचा गोंधळ वाढायचाच. तसेच पाठ्यपुस्तकात ‘घन’ऐवजी ‘स्थायू’ हा शब्द आहे. गोदाकाठ, आपण ‘घन’ का लिहिता?

पारा_चढला: ‘घन’ चुकीचा नाही. मूळ प्रश्न तापमापीचा आहे. पुण्यात पाणी १००° नव्हे, सुमारे ९८° सेल्सिअसला उकळते, हे माझ्या तापमापीनेच मला दाखवले.

सह्याद्री_७२: कापराची वडी उघड्या बशीत ठेवावी. ती हळूहळू झिजते आणि बशी ओली होत नाही. संप्लवन दाखवायला एवढे पुरेसे आहे. डांबरगोळी मात्र वर्गात नको, तिच्या वासाने आमच्या घरात सर्वांचे डोके दुखले होते.

हौशी_पालक: कापूर चालेल, हे मीही सांगणारच होते. तरीही कोरड्या बर्फाची सर त्याला नाही.

गोदाकाठ: सर्वांचे आभार. संप्लवन या सत्रापुरते बाजूला ठेवते, त्यामुळे कापूरही नको. आमच्याकडे थंडीत सकाळी खोबरेल तेल थिजलेले असते आणि साधारण २४° सेल्सिअसच्या पुढे ते वितळू लागते. ती बाटली मुले घरूनच आणतील. शेजारी एका पेल्यात साखर विरघळवू, म्हणजे वितळणे आणि विरघळणे यांतील भेद एकाच बाकावर दिसेल. संघननासाठी बर्फ भरलेला स्टीलचा पेला बाहेरून ओला होतो, तोच दाखवीन.

पारा_चढला: खोबरेल तेल हे मिश्रण आहे; त्याचे तापमान एका आकड्यावर थांबणार नाही!

गोदाकाठ: तापमान मोजायचेच नाही, दादा.